अ‍ॅग्नेस आंटीचं लाल सूप

अ‍ॅग्नेस आंटीची बायपास झाली आणि तिच्या घरात सगळे हळू आवाजात बोलायला लागले. तिचा मुलगा विल्सन तर असा वावरायचा, जणू आई काचेची आहे. डॉक्टर म्हणाले होते, आता सगळं खा, फक्त मीठ जपून. विल्सनने ऐकलं ते फक्त 'जपून'. दोन्ही वेळा पेज, उकडलेला भोपळा, आणि स्वयंपाकघरात पाऊल टाकायचं नाही. वर महिनाअखेरचं वसईचं तिकीट काढून ठेवलेलं. तिथे आंटीची बहीण आहे, म्हणजे 'कायमचा आराम'. उचलबांगडीला इतकं गोड नाव मी पहिल्यांदाच ऐकलं.

मी निवेदिता, त्यांच्या समोरच्या फ्लॅटमधली. मला असल्या मायेचा भयंकर राग येतो. जिने नर्स म्हणून जन्मभर दुसऱ्यांना उठवून चालवलं, तिलाच म्हणायचं, उठू नकोस!

शुक्रवारी विल्सन चर्चमध्ये मिस्साला गेला आणि आंटीने मला हाक मारली.

"बीफ मी बघते. तू नुसती कांद्याची पात चीर. आणि मी पडले तर उचल."

तिला फोनवर पाहिलेलं कोरियन सूप करायचं होतं, युकगेजांग. मी बीफ खात नाही, पण पात चिरायला माझं काय जात होतं? आंटीने मांस मऊ शिजवलं, गार केलं आणि हाताने त्याचे धागे सोडवले. मग तिखटाची वेळ आली. खालच्या मजल्यावरच्या सूजिनने, ती मूळची कोरियाची, तिच्याकडची कोरियन मिरचीपूड दिली होती. आंटीने चिमूटभर जिभेवर ठेवली आणि नाक मुरडलं.

"ही मिरची की कुंकू?"

आणि सूजिनने सांगितलेल्या मापाने तिने घातला आपला बॉटल मसाला! वसईहून आणलेला, जहाल तिखट, बिअरच्या बाटलीत ठासून भरलेला. तेलात पडताच आम्ही दोघी खोकून खोकून बेजार. वास खालपर्यंत गेला असावा, कारण सूजिन धावत वर आली. तिने चमचाभर चाखलं, डोळे पुसत हसली. मग जरा चाचरत म्हणाली, आमच्याकडे हे मयताला आलेल्या लोकांना वाढतात.

नेमका तेव्हाच विल्सन दारात उभा.

"मम्मी, आर यू मॅड? फ्युनरल फूड? अँड यू आर कुकिंग इट?"

नाकाला मिरच्या झोंबल्या होत्या त्याच्या, पण आवाज कापत होता. घाबरला होता बिचारा.

आंटी वाडगा भरून टेबलाशी बसली.

"घरात सगळे कुजबुजता, माझं सामान बांधता. मयत तर तुम्ही कधीच उरकलंत, बाबा. मग मयताचं जेवण तेवढं का बाकी ठेवायचं? मेल्यावर मला कोण वाढणार आहे? मी आत्ताच जेवते."

ती जेवली. कपाळावर घाम, नाकातून पाणी, पण चमचा थांबला नाही.

"ऑपरेशन झाल्यापासून आज तोंडाला चव आली. वसईला जाईन मी, नाताळला, माझ्या मर्जीने. आणि परत येईन. ते तिकीट कॅन्सल कर. खलास!"

विल्सनने फोन काढला आणि तिकीट कॅन्सल करायला घेतलं. आंटीने त्याच्याकडे पाहिलंसुद्धा नाही. रिकामा वाडगा माझ्यापुढे सरकवला.

"वाढ गो, अजून."