चैत्रांगणाचा स्टिकर

आमच्या घरातलं चैत्रांगण टिकावं म्हणून मी जे केलं, त्यानंच ते संपलं. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे कुणी माझी बाजू घ्यायला नको.

चैत्रगौर झोपाळ्यात बसली की अक्षय्य तृतीयेपर्यंत महिनाभर सासूबाई रोज दारात चैत्रांगण काढायच्या. चिमटीत रांगोळी घेऊन, ठिपके नाहीत की छाप नाही. आधी सूर्य-चंद्र, मग झोपाळ्यातली गौर, तुळस, कासव, नाग, हत्ती, फणी-करंडा, गोपद्मं. दिल्लीत सरोजिनी नगरच्या सरकारी क्वार्टरला पुढे अंगण होतं, तिथे त्या गेरूने सारवून ऐसपैस काढत. नंतर दिल्लीतच द्वारकेच्या फ्लॅटमध्ये वाट्याला आला लिफ्टसमोरचा दोन हात तुकडा. सासूबाई सहाला बसत, सातपर्यंत उठत, आणि आठला सफाईवाली पोछा मारून सगळं पुसून टाकायची. मी चिडायचे. त्या म्हणायच्या, "पुसलं नाही तर उद्या काढू कुठे?"

मला बघायला वेळ कुठे होता? पावणेआठला डब्याची पिशवी उचलायची, रांगोळीला वळसा घालून लिफ्ट गाठायची, मेट्रोची ब्लू लाइन पकडायची. रिटायर झाल्यावर शिकेन, असं मी ठरवून टाकलं होतं. जणू माझ्या रिटायरमेंटपर्यंत थांबायला सासूबाई बांधील होत्या.

मग त्यांचा उजवा हात थरथरायला लागला. तासाचं काम दोन तासांवर गेलं. पुरं होतंय न होतंय तोच पोछा यायचा. एका सकाळी त्या भिंतीला धरून उठताना दिसल्या आणि मला एकदम उपाय सुचला. हातातलं सामान खाली ठेवून मी मोबाइलवर फोटो काढला आणि संध्याकाळी प्रिंटिंगच्या दुकानात त्याचा मोठा स्टिकर करायला टाकला. दुकानदार म्हणाला, "मैडम, पोछा मारो, पानी डालो, पाँच साल कुछ नहीं होगा." फोटोत एक कोपरा झाकला गेला होता. तिथे त्याने आपल्या मनाने मोर टाकून दिला. मोर देखणा होता. मी स्वतःचीच पाठ थोपटून घेतली.

सासूबाईंनी चष्मा लावून स्टिकर बराच वेळ पाहिला. "छान झालंय," म्हणाल्या. मग रांगोळीची बरणी पुसून कपाटावर ठेवून दिली आणि पुन्हा कधी दारात बसल्या नाहीत. त्यांची दगदग वाचली, असं मी सगळ्यांना सांगत सुटले. मराठी मंडळाच्या ग्रुपवर वाहवा झाली ती निराळीच.

पुढच्या चैत्रात मुलगी बंगळुरूहून आली. दारातच थबकली. "यार आई, ये क्या? हे तर कोणीही चिकटवेल," म्हणाली आणि आजीकडे वळली, "आजी, मला शिकव ना."

मला राग आला, मग लाज वाटली. मी बरणी खाली काढली. सासूबाईंना दारात खुर्ची दिली. त्या सांगतील आणि आम्ही दोघी काढू, असा बेत होता. पण मुलीने विचारलं, "झोपाळ्याला साखळ्या किती?" तर त्यांना सांगता येईना. "हात चालला की कळायचं गं. असं विचारून नाही येत," म्हणाल्या. शेवटी आम्ही शेजारच्या स्टिकरवर बघून काढायला लागलो. कोपऱ्याशी आलो तशी मी मोराची मान काढायला घेतली.

"मोर नाही," सासूबाई म्हणाल्या. "मोर मी कधी काढला नाही."

"मग इथे काय होतं, आई?" मी त्यांना विचारलं.

"तुझा डबा. तू आलीस ती नोकरी घेऊन. म्हणून गौरीपुढे तुझा तीन पुडाचा डबा काढायचे. दरवर्षी."

"मग फोटोत का नाही आला?"

"फोटो काढताना तू डब्याची पिशवी त्यावरच ठेवली होतीस."

त्यांच्या आवाजात तक्रार नव्हती, तेच मला सहन होईना. तेव्हाच का नाही सांगितलंत, असं मी विचारलं. "तू हौसेनं करून आणलं होतंस," त्या म्हणाल्या.

मी म्हटलं, "एकदा दाखवा, कसा काढायचात." त्या वाकल्या. बरणीत हात घातला, पण दोन बोटं जुळेनात. रांगोळी मांडीवर सांडली. तीनदा असं झालं. मग त्यांनी हात पदराला पुसला आणि नातीला म्हणाल्या, "मला आत ने."

श्रावणात त्या गेल्या.

यंदा मी सुरीने खरवडून स्टिकर काढला. डिंकाचे डाग राहिलेत. सहाला बसते. कासव जमतं, हत्ती बरा येतो, आठला पोछा येतो. कोपऱ्यात रोज डबा काढून बघते. कधी तो गॅसचा सिलिंडर दिसतो, कधी नुसता ठोकळा. परवा व्हिडिओ कॉलवर मुलीने विचारलं, "आजीचा असाच होता का गं?"

बावीस वर्षं दर चैत्रात रोज सकाळी मी त्या डब्याला वळसा घालून गेले होते, आणि एकदाही खाली पाहिलं नव्हतं.