ट्रायपॉड

करी पफचा, त्या मसालेदार सारणाच्या तळलेल्या करंजीचा, वास आला की सिंगापूरच्या बुकित पंजांगमधल्या सभागृहातली ती जुनी संध्याकाळ आजही माझे रक्त तापवते. एका सीरियन माहितीपटकाराने वेढ्यात सापडलेल्या आपल्या गावाचे स्वतः केलेले चित्रण तिथे दाखवले होते. दिवे लागताच आमच्या चित्रपट मंडळाच्या अध्यक्षांनी करी पफ चघळत त्याला विचारले, “चित्र फार हलतंय. ट्रायपॉड नव्हता?”

“होता. पण तो लावायला उभं राहावं लागतं, आणि समोर बंदुका होत्या.”

अध्यक्ष माझ्या कानाशी लागले, “आळस हो, दुसरं काय!”

आज त्याच चित्रणाचा जगभर गौरव होतो आहे, आणि हे महाशय सांगत सुटले आहेत, “त्याला प्रथम आम्हीच ओळखलं!” मी त्यांना लेखी कळवले आहे: आपल्या त्या उद्गाराचा साक्षीदार अद्याप हयात आहे, आणि लिहिताना त्याचा हात मुळीच हलत नाही.