सावली तोलणारा काटा

दोन हजार चारच्या हिवाळ्यात, ग्लासगोला नवीन असताना, मी लायब्ररीतल्या लेखनवर्गात नाव घातलं. दिवसभर हॉस्पिटलच्या लॅबमध्ये रक्ताचे नमुने तपासायचे आणि गुरुवारी संध्याकाळी कादंबरी लिहायची. माझ्या कादंबरीतल्या देशाला दोन सूर्य होते. तिथले खलाशी समुद्रात जाण्याआधी 'छायाकाटा' नावाच्या पितळी यंत्रावर आपली सावली तोलायचे. सावली हलकी भरली, की वादळ नक्की.

मी ते वाचून दाखवलं. शिकवणाऱ्या बाई गोड हसून म्हणाल्या, "पण तू तुझ्या इंडियाबद्दल का लिहीत नाहीस? मसाले, ठरवून केलेलं लग्न?"

"लग्न मी माझं मीच ठरवलं," मी म्हटलं, "आणि मसाले मी पाकिटातले वापरते. मी हा काटाच लिहिणार."

परतताना बसमध्येच मी वहीत काट्याची आकृती काढायला घेतली. पुढच्या गुरुवारी मी त्या काट्यावरची आणखी पाच पानं नेली, आकृतीसकट, आणि सगळी वाचली. गोदीत फिटर म्हणून आयुष्य काढलेले वर्गातले एक आजोबा पुढे झुकले.

"पण हा शून्यावर कसा आणतात?"

बाई घड्याळाकडे बघत होत्या. मी उठले, मार्कर घेतला आणि बोर्डवर काटा काढायला लागले.