आप्पांचा निरोप्या

मी पदवीधर झालो याचं सगळ्यात जास्त श्रेय आप्पांना, म्हणजे माझ्या थोरल्या चुलत्यांना. पूर्णगडच्या अलीकडे आमचं घर. मधल्या भिंतीच्या एका बाजूला आप्पा, दुसऱ्या बाजूला बाबा आणि मी. दोन्हीकडच्या बायका लवकर गेलेल्या. परड्यातला गडगा, म्हणजे दोन वाट्यांमधली दगडी बांधाची हद्द, कोणी हातभर सरकवला, यावरून दोघा भावांनी बोलणं टाकलं होतं. अबोला मात्र ते मोठ्या आवाजात पाळायचे.

बोलायचं ते माझ्यामार्फत. आप्पांचा मुलगा मुंबईहून गणपतीलाही येईनासा झाला होता, तरी ते बांगड्याचं कालवण टोपभर करायचे आणि वाडगा माझ्या हातात द्यायचे. "तुज्या बापसाला सांग, मांजराला टाकणार होतो. म्हटलं, तो तरी खाईल."

बाबा बोटाने वाडगा पुसून खायचे. "त्या येड्याला सांग, मीठ कमी पडलंय."

मी जाऊन सांगायचो, "बाबा म्हणाले, छान झालंय." सगळं घर आपल्याच जिभेवर उभं आहे, असं मला वाटायचं.

बारावीनंतर बाबांनी मला आंब्याच्या बागेत राखणीला बसवायचं ठरवलं. हा एक निरोप मात्र आप्पांनी माझ्याकडे दिला नाही. अंगणात येऊन त्यांनी आमच्या कुत्र्यालाच सुनावलं, "खंड्या, तुज्या धन्याला सांग, ह्याला राखणीला ठेवलं तर वानरं हसतील. कालेजात घाल. तितं नापास झाला तरी हाडं मोडायची नायत."

बाबा खंड्याला म्हणाले, "त्याला सांग, बघतो."

माझी हुशारी बघून मला कॉलेजात घातलं, असं मी पुढे सगळीकडे सांगत फिरलो.

आता मी दापोलीत नोकरीला आहे. परवा फोनवर बाबांना विचारलं, "आप्पा कसे आहेत?"

"मला कोण सांगणार? तू तिकडे, खंड्या पण गेला. भिंतीपलीकडून खोकला ऐकू येतो, म्हणजे आहे." मग म्हणाले, "कालवण येत नाय आता."

आप्पा फोन वापरत नाहीत आणि बाबांना वाचता येत नाही. तेव्हा मराठी घेऊन बी.ए. झालेल्या मी माझी विद्या पहिल्यांदाच कामाला लावली आणि आप्पांना पत्र टाकलं :

"तीर्थरूप आप्पांना साष्टांग नमस्कार. बाबांना सांगा, मी शनिवारी दुपारच्या एस.टी.ने येतोय. फोनवर त्यांना हे मुद्दाम सांगितलेलं नाही. तुमचा खोकला त्यांना ऐकू जातो, तर औषध कोणतं आणू, तेही त्यांनाच विचारा. येताना बांगडे आणतो, कालवण तुम्ही करा. फक्त मीठ किती घालायचं ते आधी बाबांना विचारून घ्या. तो निरोप इतकी वर्षं माझ्याकडेच राहिलाय."