मधल्या बोटाची शाई

मी घरातला पहिला पदवीधर झालो तो थोरल्या बहिणीमुळे, सुनंदाआक्कामुळे. उल्हासनगरच्या जीन्स कारखान्यात धागे कापून तिनं मला शिकवलं.

आज बदलापुरात पोटनिवडणूक होती. मागच्या मतदानाची खूण अजून नखावर होती, म्हणून शाई मधल्या बोटाला लावली. तिचा उग्र वास आला आणि मला अंबरनाथची ती शाळा आठवली.

तेव्हाही पोटनिवडणूकच होती. माझं पहिलं मतदान, सोबत आक्का. फाटकाशी वस्तीतली दोन माणसं उभी होती. आमची गल्ली त्यांच्या विरोधात मत देते, हे त्यांना ठाऊक होतं.

"ताई, बोट दाखव. शाई आहे ना? मग तुझं झालं. परत गेलीस तर पोलीस उचलतील."

"ती मागच्या वेळची आहे, भाऊ."

"घर नाल्याजवळच ना तुमचं? सोच ले."

मी आक्काचा हात धरला. तो गार पडला होता. तरी ती मला घेऊन आत गेली, मधल्या बोटाला शाई लावून घेतली आणि आम्ही दोघं मत देऊन आलो.

बाहेर ती माणसं तशीच उभी. मी हात खिशात घातला. "आक्का, बोट पदराखाली झाक," मी कुजबुजलो.

"ओली आहे रे शाई, पदराला लागेल." हात तसाच पुढे धरून ती त्यांच्यासमोरून चालत गेली. मला वाटलं, हिला खरंच साडीची काळजी आहे. पुढे कितीतरी दिवस कडी वाजली की आम्ही दोघं दचकायचो.

हल्ली तिला फोनवर ऐकू येत नाही, म्हणून संध्याकाळी पत्र लिहिलं:

"ती. आक्कास सा. नमस्कार. आज माझ्याही मधल्या बोटाला शाई लावली. बाहेर काही माणसं उभी होती. भीती वाटली. पण शाई ओली होती, म्हणून हात खिशात घातला नाही."