कणसांच्या दाण्यांची नदी

तमाम जनतेस गांभीर्यपूर्वक कळविण्यात येते की, मुळा नदीचा खरा भूगोल राहुरीच्या धरणाजवळ कणसं भाजणाऱ्या एका बाईकडे आहे आणि तिच्या परीक्षेत मी नापास झालो आहे.

कणीस भाजून होईपर्यंत मी ऐटीत तिला सांगत होतो, की मुळा हरिश्चंद्रगडाच्या बाजूला उगम पावते आणि कोतूळ, घारगाव करत इथे येते. पुठ्ठ्याने निखाऱ्यांना वारा घालणं थांबवून तिने विचारलं, "अन् उंबराखालून उडी मारती, ते कुनी सांगायचं, सायेब?"

मग तिने फळीवर मक्याचे दाणे मांडत नदी वाहवली. इथे ती पाऊलभर रुंद, इथे भाताची खाचरं, इथे म्हशींचा डोह. पहिल्या दाण्यावर तिचं बोट बराच वेळ राहिलं. कोतूळच्या वरचं ते तिचं माहेर. आईवडील गेल्यापासून भाऊ न्यायला आला नव्हता, आणि बोलावल्याशिवाय लेकीने माहेरी जायचं नाही, ही त्यांच्याकडची रीत.

मी नाटकात करतात तसा लवून गाडीचं दार उघडलं. "चला आक्का, मी कोतूळलाच निघालोय."

ती उठली. पदर सावरला, चपला पायात सरकवल्या. दोन पावलं आली आणि परत जाऊन निखाऱ्यांपुढे बसली.

"न्हाई सायेब. त्याला येवढंच सांगा, तुज्याकडचं पानी दर साली पोचतंय. आता बोलावनं बी धाड म्हनावं."