बेटावरचं गाऱ्हाणं

माझे यजमान बोटीवर होते. रत्नागिरीत एवढं सांगितलं की पुढचं फारसं सांगावं लागत नाही. घर मोठं, माणूस गैरहजर, असं ऐकणारा धरूनच चालतो. हे बोसन होते, म्हणजे डेकवरच्या खलाशांचे मुकादम. दोर, रंग आणि माणसं ही त्यांची खाती. नऊ महिने पाण्यावर आणि दोन-अडीच महिने घरी, असा आमचा संसार तीस वर्षं चालला. दुरून डोंगर साजरे म्हणतात. त्या म्हणीविरुद्ध आमच्या घरात कोणाची तक्रार नव्हती.

मागल्या वर्षी शिमग्याला ते आले आणि म्हणाले, "आता कायमचा आलो." मी म्हटलं, "बरं झालं." मनापासून म्हटलं. कायमचा म्हणजे किती, याचा मला अंदाज नव्हता.

पहिल्या आठवड्यात त्यांनी फाटक रंगवलं. मग जिन्याचा कठडा, मग पंपाची पेटी, मग तुळशीवृंदावन. शेवटी मागीलदारी गेले तर धुण्याचा दगड निळा झालेला. खाऱ्या हवेत लोखंड गंजतं हे मला मान्य आहे, पण दगड गंजल्याचं मी ऐकलेलं नाही. कपड्यांच्या दोरीला त्यांनी अशी गाठ मारली की पावसाच्या आधी ती दोरी सोडवायला मला कोयती घ्यावी लागली. पहाटे चारला उठून ते घराभोवती एक फेरी मारत, कारण बोटीवर चारला पाळी बदलते. फेरी झाली की मला उठवून सांगत, "सगळं ठीक आहे." मी म्हणे, "हो." मग ते झोपत आणि मी जागी राही.

आता माझी बाजू. मिरजोळ्याच्या एमआयडीसीत नोकरी करत मी ते घर चालवलं होतं. मुलगी वाढवली, सासूबाईंचं आजारपण काढलं, विहीर उपसून घेतली, कलमांच्या फवारणीला माणसं आणली आणि ती माणसं झोपली की उठवली. सगळं माझ्या मताने. आणि निवृत्त होऊन जरा पाय पसरावेत, तर घरातलाच एक माणूस मला विचारू लागला की चहाचं पातेलं डाव्या बाजूला का ठेवतेस. तीस वर्षं ते डाव्या बाजूलाच होतं. त्यांनी ते पाहिलं नव्हतं, एवढंच.

गणपती गेले आणि मुंबईच्या एजंटाचा फोन आला. बोट तयार होती, बोसन हवा होता, नऊ महिन्यांचं काम होतं. रविवारपर्यंत हो की नाही ते कळवायचं होतं. हे मला म्हणाले, "बघू." मी म्हटलं, "बघा."

खरं सांगायचं तर मला ते जायला हवे होते. उगाच गोड बोलण्यात अर्थ नाही. त्याच दिवशी मी बहिणीला फोनवर सांगितलंसुद्धा, "जातील तर बरं होईल गो. घरात पावलापावलाला अडचण झालीय. नऊ महिने तरी माझं घर माझ्या ताब्यात येईल." हे तेव्हा खिडकीबाहेर गजांना रंग देत होते. ऐकलं की नाही ते तोंडावरून कळलं नाही. दुसऱ्या दिवशी गजांना दुसरा हात मात्र दिला नाही.

अशात मुलीने पुण्यातून आमच्या दोघांची नावं एका सहलीत घातली. जंगल, धबधबे, देवराई, सोबत वाटाड्या, सकाळी जाऊन संध्याकाळी परत. "आई-बाबा, एकत्र काहीतरी करा ना," असं तिचं म्हणणं. घरचं झालं थोडं नि व्याह्यानं धाडलं घोडं. कोकणातल्या माणसाने पदरमोड करून धबधबा बघायला जायचं, हे मला पटलं नव्हतं. पावसात आमच्या न्हाणीघराच्या पत्र्यावरून पडतो तो काय वाईट आहे? पण दिवस नेमका तोच रविवार होता. घरात बसून एकमेकांची तोंडं बघण्यापेक्षा बरं, म्हणून गेलो.

लांज्याला चहा झाला. तिथून घाटाच्या बाजूला आत गेल्यावर एका गावात गाडी थांबली आणि आमचा वाटाड्या समोर आला. तो त्याच गावचा, एसटीतून निवृत्त झालेला कंडक्टर होता. आयुष्यभराची सवय त्याने नोकरीबरोबर जमा केली नव्हती. गळ्यात शिट्टी होती. एक शिट्टी म्हणजे थांबा, दोन म्हणजे चला. उघड्या रानात, जिथे चारी बाजूंना जागाच जागा होती, तिथे तो आमच्याकडे बघून म्हणाला, "आत सरकून घ्या, आत सरकून घ्या. मागची मंडळी राहतात." आम्ही सरकलो.

भात पोटरीला आलं होतं. बांधावरून गेलो, मग जंगल लागलं आणि जंगलात जळवा लागल्या. एक जळू ह्यांच्या पोटरीला चिकटली. त्यांनी तिला मीठ लावून पाडलं आणि मला कळवलं, "सगळं ठीक आहे." पहिला धबधबा आला. मंडळींनी फोटो काढले. मी धबधब्याकडे बघितलं. पाणी वरून खाली येत होतं.

धबधब्याच्या खाली पऱ्या ओलांडायचा होता. पऱ्या म्हणजे आमच्याकडचा ओढा. उन्हाळ्यात असतो की नाही याची शंका यावी आणि पावसात माणूस न्यावा असा. कंडक्टरांनी दोन झाडांना दोर बांधला. ह्यांनी दोर हलवून बघितला, सोडला आणि पुन्हा बांधला.

कंडक्टर म्हणाले, "ही गाठ सुटायची कशी?"

"माणसं पाण्यात असताना सुटू नये म्हणून मारतात," हे म्हणाले.

मग ते कमरेएवढ्या पाण्यात मधोमध उभे राहिले आणि एकेकाला पलीकडे काढू लागले. आवाज चढवला नाही. "डावा पाय. थांब. आता उजवा." सहलीतल्या ज्या एका डॉक्टरांनी सकाळपासून कोणाचं ऐकलं नव्हतं तेही मुकाट्याने डावा पाय टाकत होते. माझी पाळी आली तेव्हा मला म्हणाले, "पाण्याकडे बघू नको, माझ्याकडे बघ." सगळ्यांना तेच सांगत होते, त्यात विशेष काही नव्हतं. पण मी बघितलं. तीस वर्षांत मी ह्यांना त्यांचं काम करताना एकदाही पाहिलं नव्हतं. ज्या माणसाच्या भरवशावर लोक वादळात डेकवर जात होते, त्याला मी घरी धुण्याच्या दगडावरून बोल लावत होते. दगड रंगवायचा नसतो, हे माझं मत तेव्हाही बदललं नाही. तरी पलीकडे पोचल्यावर मी बराच वेळ मागे वळून त्यांच्याकडेच बघत राहिले.

पुढे तोच पऱ्या दोन फाटे होऊन वाहतो आणि खाली पुन्हा एक होतो. मधल्या जागेला गाव बेट म्हणतं. त्या बेटावर देवराई आहे. झाडं इतकी दाट की खाली दुपार नव्हतीच. हे म्हणाले, "बेटं खूप बघितली. डोंगर, जंगल, वरून समुद्रात पडणारं पाणी. सगळी डेकवरून. उतरलो एकावरही नाही." पायातले बूट काढताना ते जरा खूश दिसले.

तिथला नियम असा की पायात काही घालायचं नाही, रानातली सुकी काटकीसुद्धा बाहेर न्यायची नाही, आणि देवाला गाऱ्हाणं घातल्याशिवाय पुढे जायचं नाही. गाऱ्हाणं म्हणजे सगळ्यांच्या वतीने एकाने देवाला मोठ्याने सांगायचं आणि बाकीच्यांनी "व्हय म्हाराजा" म्हणून त्याला दुजोरा द्यायचा. देव म्हणजे शेंदूर लावलेला पाषाण. कंडक्टरांनी टोपी सारखी केली, नारळ ठेवला आणि सुरुवात केली.

"बा देवा म्हाराजा! आज ही रत्नांग्रीची मंडळी तुझ्या दारात आली हायत. त्यांच्या वाटंत काय इडापिडा आसंल, काय इंचूकाटा आसंल, तो बाजूला कर रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" आम्ही म्हटलं.

मग ते आमच्याकडे वळले. "कोणाचं काय सांगायचं असंल तर सांगा. एकेकानी. गर्दी करू नका."

एका बाईंनी मुलाचं लग्न सांगितलं. डॉक्टरांनी स्वतःचा गुडघा सांगितला. दोन्ही देवाच्या कानावर घालण्यात आलं आणि आम्ही दोन्हीला व्हय म्हटलं. आता झालं असं मला वाटलं, तोच हे पुढे झाले. ह्या माणसाने उभ्या जन्मात देवाकडे काही मागितलेलं मी पाहिलं नव्हतं. ते कंडक्टरांच्या कानाशी काही बोलले.

"मोठ्यानी सांगा," कंडक्टर म्हणाले. "देवाला ऐकू येतंय. मंडळीला येत नाय."

ह्यांनी खाली बघून सांगितलं, "बोट आलीय ती मिळू दे म्हणावं. आणि घरी कोणाला माझी अडचण नको."

म्हणजे ऐकलं होतं.

कंडक्टरांनी हात जोडले. "बा देवा म्हाराजा! हा दर्यावरचा माणूस तुझ्या पायाशी आलेला हाय. त्याची बोट त्याला गावू दे, घरात कोणाला त्याची अडचण हू नये, असा काय ता कर रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" मंडळी म्हणाली.

एजंटाचा फोन आल्यापासून मी मनात जे मागत होते तेच हे. आता तर देवासमोर, आयतं, माझ्या वतीने मागितलं गेलं होतं. मला फक्त दोन शब्द म्हणायचे होते. ते आले नाहीत.

कंडक्टर थांबले. भरलेल्या गाडीत बिनतिकिटाचा माणूस कुठे बसलाय हे ज्याला वासावर कळतं, त्याला एवढं कळायला वेळ लागला नाही. "एक आवाज कमी आला," ते म्हणाले आणि सगळ्यांकडे बघत माझ्यापाशी आले. "बाई, तुमचा राहिला."

"नाही," मी म्हटलं.

"नाय म्हणजे?"

"नाही म्हाराजा."

गाऱ्हाण्यात नाही म्हणायची सोय नाही. इतक्या पिढ्यांत कोणाला तिची गरज पडली नसावी. मंडळी माझ्याकडे बघू लागली, डॉक्टर गुडघा विसरले. ह्यांनी मान वर केली. कंडक्टरांनी टोपी काढली, डोकं खाजवलं, टोपी घातली आणि पुन्हा पाषाणाकडे वळले.

"बा देवा म्हाराजा! मंडळीत एक नाय आलेला हाय. बाई ह्याच माणसाची बायकू हाय. बोटीचा काय करायचा ता तू त्या दोघांवर सोड, आनि तुझा तू मोकळा हो रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" सगळे म्हणाले. या वेळी मीही म्हटलं. कंडक्टरांनी दोन शिट्ट्या दिल्या.

दुसरा धबधबा जरा वर होता. तिथे जेवणाचे डबे सुटले. त्याच्या बाजूच्या कातळावर फोनला रेंज येते, असं कंडक्टरांनी जाहीर केलं होतं. हे तिकडे गेले. पाण्याच्या आवाजात मला काही ऐकू येत नव्हतं. नुसती त्यांची पाठ दिसत होती. मी भाकरी हातात घेऊन बसले होते. मला भीती वाटत होती, आणि ती ते जातील याची की राहतील याची, हे मला आता नीट माहीत होतं.

ते परत आले, माझ्याशेजारी बसले, डबा उघडला.

"काय सांगितलंत?" मी विचारलं.

"घरून नाही म्हणाले, म्हटलं."

"मग तो काय म्हणाला?"

"म्हणाला, तुमच्या घरून असं कधी आलं नव्हतं."

ते बराच वेळ जेवले. मग पाण्याकडे बघत म्हणाले, "दर वेळी निघताना मी फाटकापाशी थांबायचो."

"हो," मी म्हटलं. "खिसे चाचपायचात." निघालेल्या माणसाला मागून हाक मारू नये, म्हणून मी ओटीवर तोंड मिटून उभी असे. रिक्षा वळेपर्यंत एक शब्द काढत नसे. त्याचा मला थोडा अभिमानही होता. "पासपोर्ट घेतला की नाही ते बघायचात ना?"

"पासपोर्ट बॅगेत असायचा," ते म्हणाले.